शिक्षेचे माप आणि आपले कागद



घरातील मिळवत्या माणसाची नोकरी जाते तेव्हा काय काय जाते, हे आपणांस सांगावयास नको. ज्या घरात जमीन नाही, दुकान नाही, वाडवडिलांनी मागे ठेवलेली पुंजी नाही, त्या घरात महिन्याचा पगार हीच शेती आणि तोच वाडा होय. त्या पगारावर मुलीचे महाविद्यालय चालते, म्हाताऱ्या आईचे औषध येते, घराच्या कर्जाचा हप्ता फिटतो. म्हणून बडतर्फीचा आदेश एका माणसाच्या नावाने निघत असला तरी तो बजावला जातो साऱ्या कुटुंबावर. आज मला आपणांपुढे एकच प्रश्न मांडावयाचा आहे. नोकराची चूक लहान आणि तिच्यासाठी दिलेली शिक्षा मोठी असेल, तर न्यायालय त्या शिक्षेचे माप तपासू शकते काय? आणि तपासू शकत असेल, तर ते तपासले जावे यासाठी आपण स्वतः काय केले पाहिजे?

काही वर्षांपूर्वी एका सरकारी कार्यालयातील शिपाई माझ्याकडे आले. वय पन्नाशीच्या आत, नोकरी बावीस वर्षांची. सात आठवडे विनापरवानगी गैरहजर राहिले म्हणून त्यांस सेवेतून काढून टाकण्यात आले होते. त्या सात आठवड्यांत ते आजारी पत्नीच्या उशाशी जिल्ह्याच्या रुग्णालयात बसून होते. दोषारोपपत्र हाती पडले तेव्हा कार्यालयातील एका हितचिंतकाने त्यांस सल्ला दिला की, वाद घालू नका, चूक कबूल करा, साहेब सोडून देतील. त्यांनी दोन ओळी लिहून दिल्या: चूक झाली, क्षमा असावी. साहेबांनी सोडले नाही. पुढे मी न्यायासनापुढे उभा राहिलो आणि रुग्णालयाचे कागद दाखविले, तेव्हा मला विचारण्यात आले, "हे कागद चौकशी अधिकाऱ्याकडे दिले होते काय?" नव्हते. "अपिलात दिले होते काय?" तेथेही नव्हते. अर्ज फेटाळला गेला. बाहेर व्हरांड्यात आल्यावर त्या गृहस्थांनी सहज बोलता बोलता सांगितले की, त्याच कार्यालयातील दोन लिपिक त्यांच्याहून अधिक दिवस गैरहजर होते आणि त्यांची केवळ एकेक वेतनवाढ रोखण्यात आली. मी म्हटले, "हे आपण आधी का सांगितले नाही?" ते म्हणाले, "वकीलसाहेब, ते तुमच्या उपयोगाचे असेल असे वाटले नाही."

ते उत्तर अद्याप माझ्या मनातून गेलेले नाही. त्याचा दोष मी त्यांच्याहून माझ्याकडेच अधिक घेतो, कारण विचारण्याचे काम माझे होते. परंतु त्या एका वाक्यात आपल्या शेकडो घरांची कहाणी आहे, आणि हा लेख लिहिण्याचे कारणही तेच आहे.

आपल्या आजे-पणज्यांच्या काळी शिक्षेस माप नव्हते. १८७४ च्या वतन कायद्याखाली गावकामगार महाराची चाकरी रात्रंदिवस चाले. कोणते काम नाकारणे हा अपराध आणि त्या अपराधास दंड किती, हे त्यास कोणी लिहून दिलेले नसे. गावाची मर्जी हाच आरोप आणि गावाची मर्जी हाच निकाल. बाबासाहेबांनी १९२८ साली मुंबईच्या विधिमंडळात त्या कायद्याच्या दुरुस्तीचे विधेयक आणले, त्यात कामे आणि मोबदला निश्चित व्हावा असा आग्रह होता. कनिष्ठ गावकामगारांची ती वतने अखेर १९५८ च्या कायद्याने गेली. ज्या घरात तीन-चार पिढ्यांपूर्वी लेखी आरोप ही वस्तूच ठाऊक नव्हती, त्या घरातील नातवास आज दोषारोपपत्र मिळते. तो कागद हाती पडला की आपण घाबरून जातो. वस्तुतः तो हक्काचा कागद आहे, कारण त्यास उत्तर देता येते. पाटलाच्या मर्जीला उत्तर देता येत नव्हते.

आता कायदा काय म्हणतो ते पाहू. घटनेच्या ३११ व्या अनुच्छेदाप्रमाणे केंद्राच्या किंवा राज्याच्या नागरी सेवेतील माणसास, ज्या अधिकाऱ्याने त्याची नेमणूक केली त्याहून कनिष्ठ अधिकारी बडतर्फ करू शकत नाही. आणि आरोप कळवून, म्हणणे मांडण्याची वाजवी संधी देऊन चौकशी केल्यावाचून बडतर्फी, सेवेतून काढणे किंवा पदावनती यांपैकी काहीही करता येत नाही. यास थोडे अपवाद आहेत, त्यांत फौजदारी गुन्ह्यात दोषी ठरणे हा एक. नगरपालिका, परिवहन महामंडळे, सरकारी बँका यांतील सेवकांस हा अनुच्छेद लागू होत नाही, परंतु त्यांच्या संस्थांचे स्वतःचे सेवानियम असतात आणि समतेचा १४ वा अनुच्छेद त्या संस्थांसही बांधतो.

या नियमांत शिक्षांची एक शिडी असते. महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, १९७९ उघडून पाहा. ठपका, बढती रोखणे, नुकसानीची वसुली, वेतनवाढ रोखणे या किरकोळ शिक्षा. त्यांच्यावर पदावनती, सक्तीची सेवानिवृत्ती, सेवेतून काढून टाकणे आणि सर्वांत वर बडतर्फी. काढून टाकलेल्या माणसास पुढे सरकारी नोकरीची दारे बंद होत नाहीत, बडतर्फ झालेल्यास सामान्यतः होतात. नियम करणाऱ्यांनी इतक्या पायऱ्या कशासाठी केल्या? प्रत्येक चुकीला शेवटचीच पायरी दाखवावयाची असती, तर शिडीची गरजच नव्हती. अपराधाप्रमाणे दंड हे तत्त्व नियमांच्या रचनेतच आहे, ते न्यायालयाने बाहेरून आणलेले नाही.

सर्वोच्च न्यायालयाने हे तत्त्व उघडपणे मान्य केले त्यास आता चार दशके होऊन गेली. १९८३ साली हिमाचल प्रदेशातील भगतराम या वनरक्षकाच्या प्रकरणात न्यायालयाने म्हटले की, अपराधाच्या गांभीर्याशी मेळ नसलेली शिक्षा ही १४ व्या अनुच्छेदाचा भंग होय. १९८५ साली शंकरदास यांचे प्रकरण आले. दिल्लीच्या सरकारी दूध योजनेतील हे रोखपाल कारकून. पाचशे रुपये वेळेवर भरले नाहीत म्हणून त्यांच्यावर खटला झाला, त्यांनी गुन्हा कबूल केला, रक्कम भरून दिली. संकटांनी घेरलेला माणूस म्हणून दंडाधिकाऱ्याने त्यांस परिवीक्षेवर सोडून दिले. खात्याने मात्र चौकशीशिवाय काढून टाकले. सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्या न्यायासनाने त्यांस मागील पगारासह कामावर घ्यावयास लावले आणि बजावले की, शिक्षा देण्याच्या अधिकारामध्येच न्यायाने वागण्याचे कर्तव्य अंतर्भूत आहे. परंतु एक गोष्ट विसरू नका. साठीच्या दशकात गेलेली नोकरी १९८५ साली परत मिळाली. मधल्या वीस वर्षांत त्या घरातील चूल कशी पेटली असेल, याचा हिशेब कोणत्याही निकालपत्रात नसतो.

१९८७ चे रणजित ठाकूर यांचे प्रकरण सैन्यातील. या जवानाने वरिष्ठांकडे परभारे तक्रार पाठविली म्हणून त्यास अठ्ठावीस दिवसांची सक्तमजुरी झाली. ती भोगत असताना जेवण घेण्याचा हुकूम त्याने मानला नाही. ज्या अधिकाऱ्याविरुद्ध तक्रार होती तोच अधिकारी लष्करी न्यायालयात बसला आणि जवानास एक वर्षाची कैद व बडतर्फी सुनावण्यात आली. सर्वोच्च न्यायालयाने हा आदेश दोन्ही कारणांनी रद्द केला: न्याय देणारा निःपक्षपाती नव्हता आणि जेवण नाकारण्याच्या अपराधास ही शिक्षा डोळ्यांत भरण्याइतकी विषम होती. एकदा सैन्याच्या शिस्तीतही हे तत्त्व शिरले, म्हटल्यावर कचेरीच्या शिस्तीत ते नाही असे कोणास म्हणता येणार नाही.

येथवर वाचून आपणांस वाटेल की, मग चिंता कसली? कोर्टात गेलो की शिक्षा कमी होईल. हा समज घातक आहे. १९९५ साली चतुर्वेदी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने मर्यादा आखून दिली. शिक्षा ठरविण्याचा अधिकार शिस्तभंग प्राधिकाऱ्याचा. न्यायालय त्याच्या जागी बसून आपली शिक्षा ठरविणार नाही. केवळ शिक्षा अशी असेल की तिने न्यायालयाच्या सदसद्विवेकास धक्का बसावा, तरच ते प्राधिकाऱ्यास फेरविचार करावयास सांगेल, आणि क्वचित एखाद्या प्रकरणी, कारणे देऊन, स्वतः शिक्षा बदलेल. २०१४ साली गुणशेखरन प्रकरणात उच्च न्यायालयांनी काय करू नये याची यादीच देण्यात आली. त्यात पुरावा पुन्हा तोलू नये हे आहे आणि विवेकास धक्का बसल्यावाचून शिक्षेच्या प्रमाणात शिरू नये, हेही आहे.

हा विवेक सहजासहजी हादरत नाही. कर्नाटकातील एका बसवाहकाच्या पिशवीत हिशेबाबाहेरचे त्र्याण्णव रुपये सापडले. खालच्या न्यायालयांस बडतर्फी जास्त वाटली, परंतु सर्वोच्च न्यायालयाने तीच कायम केली. न्यायालय म्हणाले, प्रश्न रकमेचा नाही, विश्वासाचा आहे. २००५ साली आपल्याच राज्यातील मोटार कारखान्याच्या एका कामगाराची बडतर्फी, वरिष्ठास अर्वाच्य शिवीगाळ केल्याच्या कारणाने कायम राहिली. हे निकाल मी आपणांस घाबरविण्यासाठी सांगत नाही. पैशाचा अपहार, उद्धटपणा, खोटे दाखले यांना न्यायालयाची दया नाही, हे आपल्या मुलांस नोकरीच्या पहिल्याच दिवशी सांगा. आणि तसे असणे अयोग्य आहे असेही मी म्हणणार नाही. एस.टी.त आपलीच माणसे प्रवास करतात, सरकारी दवाखान्यात आपलीच माणसे रांगेत उभी असतात. लाच खाणारा आपल्या वस्तीतला आहे म्हणून त्याची वकिली करणे हा समाजाचा उद्धार नव्हे.

कामगार-कायद्याच्या वाटेवर चित्र थोडे निराळे आहे. पूर्वी सर्वोच्च न्यायालयाने औद्योगिक न्यायाधिकरणांचेही हात बरेच बांधले होते: मालकाची बदनियत, कामगारास त्रास देण्याचा हेतू, नैसर्गिक न्यायाचा भंग किंवा पुराव्याशी न जुळणारा निष्कर्ष, एवढ्यांपैकी काही असेल तरच हात घालावा. नंतर मात्र एका बांधकाम कंपनीच्या प्रकरणात न्यायालयाने पुढचे पाऊल टाकले. १ जानेवारी १९६१ हा रविवार होता, म्हणून नववर्षाची सुटी सोमवारी असे समजून कायम कामगार २ तारखेस आले नाहीत आणि कंपनीने त्या सर्वांस बडतर्फ केले. ताकीद देता आली असती, ती बिनपगारी रजा धरता आली असती. कोणताही समंजस मालक अशी शिक्षा देणार नाही, असे न्यायालयाने म्हटले आणि कामगारांस परत घेण्याचा आदेश कायम केला. पुढे १९७१ साली औद्योगिक विवाद कायद्यात ११-अ हे कलम आले आणि बडतर्फी रद्द करून सौम्य शिक्षा देण्याचा अधिकार न्यायाधिकरणास स्पष्ट शब्दांत मिळाला. त्याच वर्षी महाराष्ट्राने कामगार संघटनांची मान्यता व अनुचित कामगार प्रथा यांविषयीचा कायदा केला आणि किरकोळ वा तांत्रिक गैरवर्तणुकीसाठी, पूर्वीच्या सेवेचा विचार न करता, धक्कादायक रीतीने विषम शिक्षा देऊन कामावरून काढणे ही मालकाची अनुचित प्रथा ठरविली. २१ नोव्हेंबर २०२५ पासून १९४७ च्या औद्योगिक विवाद कायद्याची जागा २०२० च्या औद्योगिक संबंध संहितेने घेतली आहे. शिक्षा सौम्य करण्याचा न्यायाधिकरणाचा अधिकार तीतही राखलेला आहे. म्हणून आपण कायद्याच्या अर्थाने 'कामगार' आहोत की नाही, हे आधी वकिलास विचारा. योग्य दार ठोठावले तर माप तपासणारा हात अधिक मोकळा असतो.

आता या लेखाचा गाभा सांगतो. आपण कोणत्याही दारी गेलात तरी न्यायाधीश आपणांस पाहत नाही, तो आपली नस्ती पाहतो. ११-अ कलमातच लिहिलेले होते की, न्यायाधिकरणाने नोंदीवरील साहित्यावरच भिस्त ठेवावी, नवा पुरावा घेऊ नये. उच्च न्यायालयही तेच करते. आडात नाही ते पोहऱ्यात कोठून येणार? जे चौकशीत लिहिले गेले नाही ते कोर्टात वकिलाच्या तोंडून कितीही कळवळून सांगितले तरी त्यास वजन येत नाही.

यात आणखी एक मेख आहे. पूर्वी सरकारी सेवकास दोन वेळा बोलता येत असे, एकदा दोषाविषयी आणि दोष ठरल्यावर पुन्हा नियोजित शिक्षेविषयी. १९७६ च्या बेचाळिसाव्या घटनादुरुस्तीने ही दुसरी संधी काढून टाकली. १९९३ साली करुणाकर प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने एवढे परत मिळवून दिले की, चौकशी दुसऱ्या अधिकाऱ्याने केली असेल तर तिचा अहवाल निर्णयापूर्वी सेवकास मिळालाच पाहिजे आणि त्यावर त्यास म्हणणे मांडता आले पाहिजे. शिक्षा फार मोठी होईल हे सांगण्याची आपली जागा आता हीच. अहवालाला उत्तर देताना बहुतेक माणसे "आरोप खोटे आहेत" एवढेच पुन्हा लिहितात. ते अवश्य लिहा. परंतु त्यापुढे असेही लिहा की, आरोप सिद्ध झाला असे क्षणभर मानले तरी वेतनवाढ रोखणे पुरेसे का आहे. असे लिहिणे म्हणजे गुन्हा कबूल करणे नव्हे.

काय लिहावयाचे? गैरहजेरी असेल तर तिचे कारण आणि कारणाचा कागद. २०१२ साली परमार प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले आहे की, गैरहजेरी हेतुपुरस्सर होती हे खात्याने सिद्ध केले पाहिजे. आजार, अपघात, अशा टाळता न येणाऱ्या कारणाने माणूस येऊ शकला नाही तर ती हेतुपुरस्सर म्हणता येत नाही. माझ्या त्या शिपाईबंधूंनी दोन ओळींऐवजी अर्धे पान लिहून रुग्णालयाचा कागद जोडला असता, तर हा निकाल त्यांच्या कामी आला असता. २००९ साली कोळसा कंपनीच्या एका प्रकरणात सहा महिन्यांहून अधिक गैरहजेरी कबूल असूनही सर्वोच्च न्यायालयास नोकरीवरून काढणे विषम वाटले आणि त्या माणसास परत घेण्यात आले, मात्र मधल्या काळाचे वेतन मिळाले नाही.

त्यानंतर आपली मागील सेवा लिहा. किती वर्षे झाली, पूर्वी शिक्षा झाली होती काय, कामाबद्दल कधी प्रशस्ती मिळाली काय. खाते जर आपल्या जुन्या चुका उकरून त्यांच्या जोरावर मोठी शिक्षा देऊ पाहत असेल, तर त्या चुका आधी कळविल्या पाहिजेत, हे १९६३ सालीच मांचे गौडा प्रकरणात ठरलेले आहे.

आणि सर्वांत महत्त्वाचे: इतरांस काय शिक्षा झाली ते लिहा. येथे २००० सालचा ओमकुमार प्रकरणातील निकाल आपल्या लोकांनी पाठ करण्याजोगा आहे. त्यात सर्वोच्च न्यायालयाने दोन गोष्टी वेगळ्या केल्या. शिक्षा नुसती मनमानी आहे अशी तक्रार असेल तर न्यायालय दुरून पाहते, अधिकाऱ्याचा निर्णय अगदीच अवाजवी आहे काय एवढेच तपासते. परंतु शिक्षेत भेदभाव झाला अशी तक्रार असेल, तर प्रमाणाची तपासणी न्यायालय स्वतः, जवळून करते. सारख्या अपराधाला एकास ठपका आणि दुसऱ्यास बडतर्फी, ही समतेच्या हक्काची गोष्ट झाली. २०१३ साली मध्य प्रदेशातील एका पोलिसाचे प्रकरण आले. एकाच घटनेत ज्याचा वाटा मोठा त्यास हलकी शिक्षा आणि ज्याचा वाटा लहान त्यास बडतर्फी. चोर सोडून संन्याशाला सुळी असा तो प्रकार. दोषी ठरलेल्या माणसांमध्येही समतेचे तत्त्व लागू आहे, असे सांगून न्यायालयाने ती बडतर्फी रद्द केली. ज्यांनी पिढ्यान्‌पिढ्या एकाच चुकीला दोन दंड पाहिले, त्यांस या तत्त्वाचे मोल निराळे समजावून द्यावयास नको. परंतु "मी अमुक जातीचा म्हणून मला शिक्षा" असे नुसते वाक्य लिहून भागत नाही. त्याच कार्यालयात, तशाच आरोपावर, कोणास कोणत्या वर्षी काय शिक्षा झाली हे लिहावे लागते. माहितीच्या अधिकाराचा २००५ चा कायदा त्यासाठी आहे. इतरांच्या शिक्षांचे आदेश वैयक्तिक माहिती म्हणून नाकारले जाण्याचा संभव आहे, म्हणून नावे न मागता आरोपाचा प्रकार व शिक्षा एवढीच आकडेवारी मागा. शिवाय चौकशी अधिकाऱ्याकडे ते अभिलेख मागवून घेण्याचा लेखी अर्ज द्या. अर्ज नाकारला तर तो नकारही नस्तीत राहतो आणि पुढे बोलतो.

आता माझे स्वतःचे मत सांगतो. विवेकास धक्का बसणे ही कसोटी मला अपुरी वाटते. धक्का कशाने बसावा, हे माणूस कोणत्या घरात वाढला यावर पुष्कळसे अवलंबून असते. नोकरी गेली तर दुसरी मिळेल, असा ज्याच्या भोवतीच्या जगाचा अनुभव आहे, त्यास बडतर्फी ही एक शिक्षा वाटते. ज्याच्या घराण्यात ती पहिलीच नोकरी आहे, त्यास ती पिढी बुडणे वाटते. न्यायमूर्ती वाईट असतात असे मला मुळीच म्हणावयाचे नाही. हक्काचे माप कोणाच्याही मनाच्या हादऱ्यावर ठेवू नये, इतकेच मला म्हणावयाचे आहे. यापेक्षा साधी आणि पक्की रीत अशी की, मोठी शिक्षा देणाऱ्या प्राधिकाऱ्याने आपल्या आदेशात तीन गोष्टी लिहिल्याच पाहिजेत: या कृत्याने कोणते नुकसान झाले, शिडीवरील खालची पायरी का पुरत नाही आणि अशाच प्रकरणी पूर्वी काय शिक्षा दिली होती. ज्या आदेशात ही कारणे नाहीत तो न्यायालयाने शिक्षेपुरता परत पाठवावा. असे केल्याने न्यायालय अधिकाऱ्याच्या खुर्चीत बसत नाही आणि शिस्तही ढिली होत नाही. ज्याने विचारपूर्वक शिक्षा दिली त्यास तो विचार कागदावर उतरविणे जड जाऊ नये. जड जाईल ते ज्याने विचार केलाच नाही त्यास.

या साऱ्या विवेचनातून एक मोठा वर्ग निसटतो, आणि तो आपल्याच वस्त्यांत सर्वाधिक आहे. कंत्राटदाराकडे झाडलोट करणारा, पहारा करणारा, दवाखान्यात रात्रपाळी करणारा माणूस. त्यास दोषारोपपत्र मिळत नाही. त्यास सांगतात, "उद्यापासून येऊ नको." आरोप नाही, चौकशी नाही, म्हणून माप तपासावयास हाती कागदच नाही. आजोबांच्या काळची मर्जी येथे नवे कपडे घालून उभी आहे. अशा बंधु-भगिनींनी निदान आपण कामावर होतो एवढ्याचा पुरावा तरी जपावा: ओळखपत्र, वेतनचिठ्ठी, भविष्य निर्वाह निधीचा क्रमांक, बँकेच्या पुस्तकातील पगाराच्या नोंदी. काढून टाकल्यास त्याच आठवड्यात लेखी तक्रार करावी आणि तिची पोच घ्यावी. मुदत टळली की हक्क असूनही दार बंद होते. केंद्रीय सेवकांच्या १९६५ च्या नियमांत खात्यांतर्गत अपिलासही ४५ दिवसच मिळतात, आणि दुःखात बसलेल्या घरात ४५ दिवस कसे जातात ते कळतही नाही.

आपल्यापैकी पुष्कळांच्या घरी लग्नाची पत्रिका जपून ठेवलेली असते, दोषारोपपत्र मात्र लाजेने फाडून टाकलेले असते. असे करू नका. नोकरीसंबंधी आलेला प्रत्येक कागद, त्याला दिलेले उत्तर आणि त्या उत्तराची पोच एका पिशवीत तारीखवार ठेवा, आणि ती पिशवी कोठे आहे हे घरातील शिकलेल्या मुलीस किंवा मुलास ठाऊक असू द्या. आरोप आला तर शेजाऱ्याच्या सल्ल्याने माफी लिहिण्यापूर्वी कोणा जाणत्यास, संघटनेच्या कार्यकर्त्यास किंवा वकिलास दाखवा. खर्चाची अडचण असेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जा. १९८७ च्या कायद्याप्रमाणे अनुसूचित जाती-जमातींच्या माणसास आणि कोणत्याही स्त्रीस तेथे मोफत वकील मिळतो. अनुसूचित जातीचा दर्जा बौद्धांस १९९० च्या दुरुस्तीने मिळालेला आहे, तेव्हा धर्म बदलला म्हणून हे दार बंद झाले असे समजू नका.

आणि वकिलापुढे बसाल तेव्हा सर्व काही सांगा. व्हरांड्यातील बोलणे न्यायासनापर्यंत पोचत नाही. त्या शिपाईबंधूंस जे निरुपयोगी वाटले त्यातच त्यांची नोकरी होती. काय उपयोगाचे आहे ते निवडण्याचे काम वकिलाकडे सोपवा. ते वेळेवर सांगण्याचे आणि लिहून ठेवण्याचे काम मात्र आपलेच आहे.